बाजेच्या चौकटीवर चार बंद काठांचं आसन

घोंगडीची दोन टोकं हातात घेऊन बघा. तिथे दशा असतात, कारण ताणा (विणीचे उभे धागे) लांब असतो आणि विणून झाल्यावर तो कापूनच घोंगडी मागावरून उतरवतात. अमेरिकेतल्या नवाहो या मूळनिवासी लोकांच्या जुन्या रीतीच्या गालिच्याला दशा नसतात, चारही काठ बंद असतात. ताण्याचा धागा अखंड असतो. वरच्या काठाला वळसा घालून खाली, खालच्या काठाला वळसा घालून वर, असा तो जातो आणि त्याला शेवटपर्यंत कात्री लागत नाही. चार कोपऱ्यांना चार छोटे गोंडे असतात, तेवढेच. विणकामात मला याहून सुंदर काही माहीत नाही, आणि हे धुळ्यात, आपल्याच मेंढीच्या लोकरीवर करता येतं.

मी देवपूरला राहते, माहेर साक्री तालुक्यातलं. बरीच वर्षं शाळेत चित्रकला शिकवली, आता घरी मुलींना विणकाम शिकवते. कुणा नवाहो बाईच्या शेजारी बसून मी हे शिकलेली नाही. तिथल्या ज्या विणकर आपली विद्या बाहेरच्यांना उघडपणे शिकवतात, त्यांच्या धड्यांवरून शिकले आणि आपल्याकडच्या सामानावर करून पाहिलं. नवाहो लोक स्वतःला दिने म्हणतात. त्यांचा मुलूख अॅरिझोना, न्यू मेक्सिको आणि युटा या तीन राज्यांत पसरला आहे.

आधी माप ठरवा. अखंड ताण्याच्या कामात माप सुरुवातीला ठरतं आणि नंतर बदलत नाही. अजून चार बोटं विणू, असं म्हणायची सोय नाही. पहिल्या कामाला १२ इंच रुंद आणि १८ इंच लांब घ्या, पाटावर घालायच्या आसनाएवढं. याहून लहान असेल तर ताण्यात काठ्या फिरवायला जागा पुरत नाही.

लोकर

दिवाळीनंतर ठेलारी मेंढपाळांचे वाडे शेताशेतांतून फिरतात, शेतकरी खतासाठी मेंढ्या बसवून घेतात, आणि कातरणीच्या वेळी लोकरीचे ढीग पडतात. पूर्वी घोंगडी विणणारे ती घेऊन जायचे. आता गिऱ्हाईक मिळेलच असं नाही, त्यामुळे बऱ्याचदा लोकर बांधाला पडून राहते. मी मागायला गेले तेव्हा एका म्हाताऱ्या बाबांनी विचारलं, "कसाले जोयजे तुले हाई लोकर, माय?" कशाला हवी ते सगळं सांगितलं, तर त्यांनी मानेखालची आणि पाठीवरची लोकर वेगळी काढून दिली. पोटाखालची आणि पायांची नका घेऊ, म्हणाले, ती आखूड आणि घाणीने चिकटलेली असते. हा सल्ला मी अजून पाळते. लोकर फुकट मिळत असली तरी पैसे देऊन घ्या. या मेंढीला किंमत राहिली तरच ती राहील. मटणाच्या भावामुळे बिनलोकरीच्या जातींशी संकर वाढतो आहे, आणि चांगली काळी दख्खनी लोकर शोधावी लागते.

एखाद्या मेंढीच्या जातीवर किती काय उभं असतं, ते दिने लोकांच्या इतिहासात स्पष्ट दिसतं. १५९८ मध्ये हुआन दे ओन्याते स्पॅनिश वसाहतवाल्यांना घेऊन न्यू मेक्सिकोत आला, त्यांच्याबरोबर चुरो जातीच्या मेंढ्या आल्या. उभा माग दिने स्त्रियांनी शेजारच्या प्वेब्लो लोकांकडून सतराव्या शतकात उचलला, असं अभ्यासक मानतात. प्वेब्लोंमध्ये विणायचे पुरुष आणि सूत कापसाचं. दिने घरांत माग बायकांच्या हाती आला आणि सूत लोकरीचं झालं. दिने परंपरा हे वेगळं सांगते. ज्या पवित्र स्त्रीला इंग्रजीत स्पायडर वुमन म्हणतात, तिने विणणं शिकवलं. मागाचे आडवे दांडे आकाश आणि पृथ्वीचे होते, फणी पांढऱ्या शंखाची होती. कॅन्यन द शे नावाच्या दरीत सुमारे ८०० फूट उंचीचा एक सुळका आहे, तो तिचं घर मानला जातो. मुलींना शिकवताना मी दोन्ही गोष्टी सांगते. अभ्यासकांचं सांगून थांबलं तर विणणाऱ्या बायका मागापुढे बसताना मनात काय धरतात, ते कळत नाही.

पुढचं वाईट आहे. १८६३-६४ मध्ये किट कार्सनच्या हाताखालच्या अमेरिकी फौजेने दिने लोकांची मक्याची शेतं जाळली, कॅन्यन द शेमधल्या पीचच्या बागा तोडल्या, मेंढ्या मारल्या. १८६४ मध्ये हजारो माणसांना शेकडो मैल पायी चालवत बोस्के रेडोंडो या छावणीत नेलं. चार वर्षांत तिथे आणि वाटेत असंख्य माणसं गेली. १ जून १८६८ रोजी तह झाला आणि लोक आपल्या मुलखात परतले. सरकारने पुन्हा मेंढ्या वाटल्या आणि कळप वाढले. मग १९३० च्या दशकात, चराईने जमीन धुपते या कारणासाठी, सरकारनेच कळप सक्तीने कमी केले. विणकरांच्या डोळ्यांसमोर मेंढ्या मारल्या गेल्या. १९७० पर्यंत अस्सल चुरो मेंढ्या फार थोड्या उरल्या होत्या. १९७७ मध्ये पशुशास्त्रज्ञ लाइल मॅकनील यांनी दूरदूरच्या कळपांतून त्या शोधून पैदास सुरू केली आणि विणकरांकडे परत दिल्या. आपल्या दख्खनी मेंढीसाठी असं कुणी तरी मनावर घ्यायला हवं, असं मला फार वाटतं.

चुरोची लोकर लांब धाग्याची असते आणि तिच्यात चरबी कमी असते, म्हणून कोरड्या मुलखात थोड्या पाण्यात धुऊन होते. आपली दख्खनी तेवढी लांब नाही, पण राठ आणि टिकाऊ आहे. अंगाला टोचते म्हणून स्वेटरला चालत नाही. पायाखालच्या विणीला हाच राठपणा हवा.

या आसनाला कातलेला बाणा (विणीचा आडवा धागा) पाव किलो ते तीनशे ग्रॅम लागतो. धुण्यात आणि निवडण्यात बरंच जातं, म्हणून कच्ची लोकर पाऊण किलो आणा. कोरडी असतानाच झटकून गोखरू, कुसळं, शेणाच्या गाठी काढा. मग रिठ्याच्या कोमट पाण्यात अर्धा तास बुडवून ठेवा. चोळू नका, ढवळू नका आणि गरम लोकरीवर एकदम गार पाणी ओतू नका. या तिन्ही गोष्टींनी लोकर आवळून नमदा होते. उचलायची, निथळायची, त्याच उबेच्या स्वच्छ पाण्यात पुन्हा बुडवायची. पाणी स्वच्छ निघेपर्यंत एवढंच करायचं. सावलीत जाळीवर वाळवा.

कातणं

पिंजायला तारेचे दोन ब्रश पुरतात, कुत्र्याचे केस विंचरायचे मिळतात तेही चालतात. तंतू एका दिशेला आले की सैल पेळू करा.

दिने विणकरांची चाती लांब असते, खाली लाकडी चकती. बाई जमिनीवर बसते, चातीचं टोक जमिनीला टेकवते, काठी मांडीवर तळव्याने लोळवते आणि दुसऱ्या हाताने पेळू ओढत जाते. आधी जाड, सैल धागा काढायचा, मग तोच पुन्हा चातीवर घेऊन बारीक करायचा. ही दुसरी फेरी टाळू नका, धागा त्याच फेरीत एकसारखा होतो. घरात आजीची चाती असेल तर तीच घ्या. आपल्याकडे वैशाखात हवा इतकी कोरडी असते की तंतू उडतात आणि बोटांना चिकटतात, म्हणून शेजारी ओलं फडकं ठेवा. मी कातायचं काम पावसाळ्यात उरकते.

बाणा एकपदरी, सैल पिळाचा, दीड ते दोन मिलीमीटर जाडीचा हवा. ताण्याला पहिल्या वेळी आपलं सूत वापरू नका. अस्सल काम लोकरीच्याच ताण्यावर होतं, पण त्या धाग्याला पुरेसा पीळ द्यायची हाताला सवय लागते आणि अर्ध्यात ताणा तुटला तर नवशिक्याचं मन मोडतं. पोती शिवायचा सुती दोरा दोन पदर एकत्र पिळून घ्या, हातांनी झटका देऊन तुटत नाही ना ते बघा. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटच्या काही नवाहो गालिच्यांतही सुती ताणा सापडतो, म्हणून संकोच नको. साधारण ५० मीटर लागेल.

रंगाचं थोडक्यात सांगते, कारण पहिलं आसन बिनरंगाचंच करावं असं माझं मत आहे. काळी, पांढरी आणि दोन्ही एकत्र पिंजून केलेली करडी, एवढ्यावर उत्तम काम होतं. न्यू मेक्सिकोतल्या टू ग्रे हिल्स भागाची ओळखच ती आहे: काळा, तपकिरी, करडा, पांढरा, बहुतेक सगळे मेंढीचेच रंग. तिथल्या डेझी टॉगलची यांची वीण एका इंचात बाण्याच्या शंभराहून जास्त ओळींची होती. २००४ मध्ये अमेरिकेच्या टपाल खात्याने त्यांच्या कामाचं तिकीट काढलं.

रंग हवाच असेल तर शंभर ग्रॅम कोरड्या लोकरीला १५ ग्रॅम तुरटी घ्या. तुरटीच्या पाण्यात लोकर हळूहळू तापवून तासभर मंद आचेवर ठेवा, उकळू देऊ नका, भांड्यातच थंड होऊ द्या. मग लोकरीच्या वजनाएवढ्या डाळिंबाच्या सालीचा काढा गाळून त्यात तसंच करा. मोहरीसारखा पिवळा येतो. कांद्याच्या टरफलांचा सोनेरी, बाभळीच्या सालीचा तपकिरी. फाल्गुनात पळसाची फुलं मिळतात, रंग सुरेख येतो, पण उन्हाने उडतो. दिने बायका रॅबिटब्रश नावाच्या झुडपाच्या पिवळ्या फुलांचा रंग कच्च्या तुरटीने पक्का करतात, तपकिरी अक्रोडाच्या सालपटांचा काढतात.

लाल रंग त्यांच्याकडे सहज मिळत नव्हता. बायेता नावाचं लाल लोकरी कापड विकत घ्यायचं, त्याचा धागा न् धागा उसवायचा आणि तो पुन्हा विणायचा, असे त्यांनी कष्ट घेतले. त्या जुन्या धाग्यांत काही ठिकाणी कोचिनियल किड्याचा लाल आहे, तर काही ठिकाणी लाखेचा. लाख आशियातून जायची. आपल्या पळसाला आणि बोरीला जी लाख धरते, तिचाच तो रंग.

बाज उभी करा

माग विकत घ्यायचा नाही. जुन्या लाकडी बाजेची नवार काढा आणि ती उभी करून वरचा दांडा खिडकीच्या गजाला पक्का बांधा. चौकट हलता कामा नये. आपण जमिनीवर बसून विणणार, म्हणून काम डोळ्यांच्या खालच्या पातळीला राहील असं बघा.

सुताराकडून गुळगुळीत केलेल्या पाच गोल काठ्या आणा, प्रत्येकी दोन फूट, त्यांपैकी तीन जाड आणि दोन बारीक. शिवाय सागाची चपटी पट्टी, दीड फूट लांब, सव्वा इंच रुंद, कडा बोटाला लागणार नाहीत इतक्या घासलेल्या. तशीच एक अर्ध्या इंचाची. आणि फणी: बाभळीच्या किंवा शिसवीच्या लाकडाची, सात-आठ दातांची, हातात वजन जाणवेल अशी. फणी तयार होईपर्यंत जेवणाचा स्टीलचा काटा चालतो. यात धोटा नाही. बाणा बोटांनीच घालायचा.

ताणा

ताण्याला एक अख्खा दिवस द्या. जे ताण्यात बिघडतं ते विणताना सुधारत नाही.

दोन जाड काठ्या जमिनीवर समांतर ठेवा, बाहेरच्या कडांमधलं अंतर बरोबर १८ इंच. दोन आडव्या पट्ट्यांवर त्या घट्ट बांधा. दोन्ही बाजू मोजा, कर्णही मोजा. काठ्यांवर पेनाने १२ इंचांच्या खुणा करा. आता दोरा खालच्या काठीच्या डाव्या टोकाला बांधा आणि इंग्रजी आठच्या आकड्यासारखा फिरवा: वरच्या काठीवरून पलीकडे, मध्ये फुली मारून खालच्या काठीवरून अलीकडे. ताण सगळीकडे सारखा ठेवा, घट्ट ओढू नका. प्रत्येक काठीवर एका इंचात चार वळसे बसतात, म्हणजे एकूण ४८ वळसे आणि इंचाला ताण्याचे आठ धागे.

मधल्या फुलीमुळे ताण्याचे धागे एकाआड एक वेगळे राहतात आणि सगळं काम तिच्यावर चालतं. फुलीच्या वरच्या पोकळीत एक सुतळी, खालच्या पोकळीत दुसरी, दोन्हींची टोकं बांधून ठेवा. हे केल्याशिवाय पुढे काहीही सोडायचं नाही.

आता बंद काठ. ताण्यापेक्षा जाड असे चार दोरे घ्या, प्रत्येक काठाला दोन. काठीच्या कडेने चालत जा: पहिल्या वळशातून एक दोरा पुढून, एक मागून, मग दोघांना एक पीळ, मग पुढचा वळसा. वळसे इंचाला चार बसताहेत ना, हे खुणांवर बघत राहा. दोन्ही टोकांना सहा-सहा इंच दोरा मोकळा सोडा, त्याचेच पुढे गोंडे होतील. वरचा काठ झाला की खालचा.

मग काठ्या सोडवून घ्या. गुंफलेला काठ जाड काठीला वेगळ्या मजबूत दोऱ्याने, अर्ध्या-अर्ध्या इंचावर टाके घेत बांधा. म्हणजे ताणा काठीवर नाही, त्या बांधणीवर लटकतो. म्हणूनच शेवटी कात्री फक्त बांधणीला लागते. खालची काठी बाजेच्या खालच्या दांड्याला पक्की बांधा. वरची काठी तिसऱ्या जाड काठीला बांधा आणि ती बाजेच्या वरच्या दांड्याला दोरीने नागमोडी आवळा. ताण कमी-जास्त करायची किल्ली ही दोरी. ताण्यावर टिचकी मारली की सगळ्या धाग्यांतून सारखा आवाज यायला हवा.

दोन्ही बाजूंना दोन-दोन जाड दोरे वरच्या काठीपासून खालच्या काठीपर्यंत बांधा. ते उभे काठ.

फुलीच्या वरच्या पोकळीतली सुतळी काढून तिथे एक बारीक काठी घाला, ती सुटी राहते. दुसरी बारीक काठी तिच्या खाली, ताण्याच्या पुढे आडवी धरा. खालच्या पोकळीत मागे असलेले धागे सोडून पुढचे धागे एकेक करून एका अखंड दोऱ्याच्या फासात घ्या आणि ते फास या काठीवर चढवा. सगळे फास सारख्या लांबीचे हवेत. ही फासांची काठी ओढली की एक वाट उघडते. ती सोडून वरची सुटी काठी फासांपर्यंत खाली दाबली की दुसरी. दर वेळी उघडलेल्या वाटेत चपटी पट्टी घालायची आणि आडवी फिरवून उभी करायची, म्हणजे हात जायला जागा होते. दोन्ही वाटा आलटूनपालटून उघडून बघा. एकही धागा चुकीच्या बाजूला असेल तर आत्ताच दुरुस्त करा.

विणणं

पहिल्या चार ओळी एकाच रंगाच्या, या काठापासून त्या काठापर्यंत. मग मुलींना मी माग उलटा करायला लावते आणि वरच्या काठालाही तशाच चार ओळी विणून घेते. शेवटी ताणा अडचणीचा झाला की हे किती उपयोगी पडतं, ते तेव्हा कळतं.

बाणा सरळ आडवा ओढायचा नाही. वाटेत सैल घालायचा, त्याला बोटाने मध्ये दोन-तीन कमानी द्यायच्या, मग फणीने कमानी मोडत खाली ठोकायचा. तेवढी ढील मिळाली तर तो ताण्यावरून आणि ताण्याखालून वळत बसतो आणि ताणा पूर्ण झाकतो. ओढून घातला तर ताणा उघडा दिसतो आणि आसनाला मध्ये कंबर पडते. दर दोन इंचांनी रुंदी मोजा, १२ इंच म्हणजे १२ इंच.

काठाशी वळताना बाण्याने उभ्या दोन दोऱ्यांपैकी एकाला कवेत घ्यायचं आणि दर चार ओळींनी त्या दोघांना एक पीळ द्यायचा. हा पीळ विणीबरोबर वर चढत जातो आणि काठ पक्का होतो.

पहिले तीन इंच पट्टे विणा. पट्टे म्हणजे नवशिक्याचं काम असं समजू नका. एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धातली जी नवाहो ब्लँकेटं आज संग्रहालयांत सर्वांत मोलाची मानली जातात, ती पांढऱ्या, काळ्या-तपकिरी आणि निळीच्या आडव्या पट्ट्यांची आहेत. मैदानी प्रदेशातल्या जमातींचे मानकरी ती खांद्यावर पांघरायचे. पट्ट्यांत लपायला जागा नसते, ताण जरा हलला की रेघ वाकते.

मग पायऱ्या. प्रत्येक रंगाचा बाणा वेगळा, बोटांवर गुंडाळलेल्या छोट्या लडीत. एका वाटेत सगळे रंग आपापल्या हद्दीपर्यंत जातात, पुढच्या वाटेत परत फिरतात. तिरपी रेघ हवी असेल तर प्रत्येक फेरीत हद्द एका धाग्याने सरकवा. सरळ उभी रेघ हवी असेल तर दोन रंग जिथे भेटतात तिथे एकमेकांत अडकवून परत फिरवा, नाहीतर मध्ये फट राहते. अडकवणं प्रत्येक फेरीत एकाच दिशेने करा, दोन्ही बाजूंनी रेघ स्वच्छ येते.

मोठ्या रुंदीचं काम विणताना दिने बाई एका जागी बसून हाताच्या पोहोचेतला तुकडा विणते, मग सरकून शेजारचा. जिथे तुकडे भेटतात तिथे विणीत अंधूक तिरपी रेघ दिसते. हाताच्या कामाची ती एक खूण. या आसनाला तिची गरज नाही.

नक्षी कुणाची

इथे मी ठाम आहे. रीत शिका, वापरा, शिकवा. त्यांची नक्षी उचलून विकू नका.

१८८० च्या दशकात त्या भागात रेल्वे आली, गिरणीची ब्लँकेटं स्वस्तात मिळू लागली, आणि पांघरायच्या ब्लँकेटांची जागा पूर्वेकडच्या घरांसाठीच्या गालिच्यांनी घेतली. गनाडोचा व्यापारी हबेल, क्रिस्टलचा मूर अशा दुकानदारांनी कुठला माल खपतो ते सांगायला सुरुवात केली. मूरने १९०३ आणि १९११ मध्ये गालिच्यांची छापील सूचिपत्रं काढली. लाल पार्श्वभूमी, भोवती किनार, मधले चौकोन, यातलं बरंच त्या देवघेवीतून आलं. व्यापाऱ्याने मागितलेलंही त्या बायकांनी आपलंसं करून विणलं, म्हणून ते त्यांचं. त्यापलीकडे रोग्याला बरं करण्याच्या विधीत जमिनीवर रंगीत वाळूने काढायची चित्रं आहेत, ती पवित्र असतात. होस्टीन क्ला हे मोठे विधीकर्ते आणि पुरुष असून विणकर. त्यांनी ती गालिच्यांत विणली, तेव्हा त्यांच्याच लोकांना धास्ती वाटली होती. ते काम आपण हातातही घेऊ नये. किनारीतून कोपऱ्याजवळ बाहेर काढलेली एक बारीक रेघही काही विणकर ठेवतात, विणताना गुंतलेलं मन बाहेर पडायला. ती शोभेची वस्तू नाही, म्हणून मी मुलींना ती काढू देत नाही.

भारतात विणलेली नवाहो नक्षीची नक्कल अमेरिकेत विकली जाते, आणि तिथल्या विणकराच्या कित्येक महिन्यांच्या कामाला तिच्याशी भावात झगडावं लागतं. १९९० च्या तिथल्या कायद्याने मूळनिवासींनी न केलेली वस्तू त्यांची म्हणून विकणं गुन्हा आहे. आपल्या आसनाच्या चिठ्ठीवर 'नवाहो' लिहू नका. 'दख्खनी लोकर, उभ्या चौकटीवर विणलेलं, चार बंद काठ, धुळे' असं लिहा.

आपल्याकडे विणण्यासारखं भरपूर आहे. शिरपूरच्या पलीकडे सातपुडा एकामागे एक ओळींनी दिसतो. ते तिरप्या पायऱ्यांत सहज बसतं. उन्हाळ्यात भेगा पडलेली काळी जमीन, कपाशीची पांढरी बोंडं, पांझरेच्या कोरड्या पात्रातला एक बारीक निळा पट्टा. माझ्याकडच्या एका मुलीने केळीच्या बागेतल्या सऱ्या विणल्या, नुसत्या करड्या आणि काळ्या. तिने आधी चौकटीच्या कागदावर काढलं, एक चौकोन म्हणजे ताण्याचा एक धागा. तुम्हीही तसंच करा.

शेवटची चार बोटं

वीण वर चढते तशी वाट अरुंद होते. रुंद पट्टी जाईना झाली की अर्ध्या इंचाची घ्या. चार बोटं उरली की सुटी काठी काढा, मग फास एकेक करून काढा. आता वाट नाही, प्रत्येक धागा वर-खाली असा हाताने उचलायचा. छत्रीची जुनी तार घ्या, टोक घासून गोल करा, तिच्या भोकात बाणा ओवा. दिने विणकरही छत्रीच्या तारा याच कामाला वापरतात. अगदी शेवटी दाभण.

हे सावकाश होतं. चार-पाच ओळींनंतर उठा, मान मोकळी करा, परत बसा. खालून आलेली वीण वरच्या आधी विणलेल्या चार ओळींना भिडेपर्यंत बाणा भरत राहा. जागा संपली असं वाटलं तरी काट्याने दाबून बघा, अजून ओळी जातात. इथे सैल सोडलं तर धुतल्यावर आडवी फट दिसते.

मग वरच्या आणि खालच्या काठीची बांधणी कापा, फक्त बांधणी. आसन हातात येईल. कोपऱ्यांशी आडव्या काठाचे आणि उभ्या काठाचे मोकळे दोरे एकत्र घट्ट गाठवा आणि दोन इंचांवर छाटा, तो गोंडा. पाणी शिंपडून, कोपरे काटकोनात बसवून, फळीखाली वजन ठेवून रात्रभर ठेवा.

लोकरीला कसर लागते. वर्षातून दोनदा कडक उन्हात दोन्ही बाजूंनी तापवा, झटका आणि कडुनिंबाचा वाळलेला पाला घालून सुती कापडात गुंडाळून ठेवा, प्लास्टिकमध्ये नको. धुवायची वेळ आली तर पुन्हा तेच: रिठा, कोमट पाणी, चोळायचं नाही, सावलीत आडवं पसरून वाळवायचं.